तळमजल्याच्या मीटरची नोटीस : आधी कलम बघा

(सोसायटी ग्रुप, टिळकवाडी, बेळगाव)

सुनंदा वहिनी, तळमजला : भाडेकरू घरगुती मीटरवर शिलाईचा धंदा करतो म्हणून वीज कंपनीची नोटीस आलीय. मजकूर कन्नडात. चोरीची केस होणार काय?

प्रकाश काका : कागदावर वीज कायद्याचं कलम कुठलं आहे?

सुनंदा वहिनी : १२६. मुलगी म्हणते, तात्पुरती आकारणी लिहिलंय.

प्रकाश काका : मग चोरी नव्हे. चोरी म्हणजे १३५, त्यात तारेवर आकडा टाकणं, मीटर बायपास करणं असं काही आणि अप्रामाणिक हेतू लागतो. तिथे वीज जागच्या जागी तोडतात आणि २४ तासांत पोलिसांत तक्रार जाते. १२६ म्हणजे मीटर खरा, वापर भलत्या कामाला. इथे पोलीस नाहीत, फक्त हिशोब. अंतिम आदेश तात्पुरता आदेश मिळाल्यापासून ३० दिवसांत काढायचा असतो, म्हणून लेखी हरकत याच आठवड्यात द्या आणि सुनावणी मागा. आवक शिक्क्याची प्रत घेतल्याशिवाय खिडकीवरून हलू नका.

गणपत मामा : भरून मोकळं व्हा की. कशाला भानगड?

प्रकाश काका : मामा, ७ दिवसांत मान्य करून भरायची सोय आहे. पण संमतीने झालेल्या आदेशावर अपील नाही. आकडा बरोबर असला तर भरावं, चुकीचा असला तर सही कशाला?

रोहन, ब-३०४ : आणि आकडा बऱ्याचदा चुकतोच. दर लागतो तो त्या वापराला लागू असलेल्या दराच्या दुप्पट. वापर कधीपासून ते ठरवता आलं नाही तर तपासणीआधीचे १२ महिने धरतात, त्याहून जास्त नाही. उदाहरणादाखल व्यापारी दर ७ रुपये धरा, सरासरी ३०० युनिट : ३०० × १२ × १४ = ५०,४००. भाडेकरू ४ महिन्यांपूर्वीच आला असेल तर ३०० × ४ × १४ = १६,८००. शिवाय त्या महिन्यांची भरलेली बिलं वजा मागा.

सुनंदा वहिनी : करार ४ महिन्यांचाच आहे.

रोहन : नुसता करार पुरत नाही, मागच्या तारखेचा आहे असं म्हणतात. आर.आर. नंबरवरून (बिलावरचा ग्राहक क्रमांक) वर्षभराची बिलं काढा. आधी ९० युनिट आणि करारानंतर एकदम ३०० अशी उडी दिसली की मीटरच साक्षीदार. भाडेकरूचा पालिका परवाना असला तर तोही जोडा.

अनिता ताई : महाजरची, म्हणजे तपासणीच्या पंचनाम्याची, प्रत मागितली का? त्यात एकेका मशीनचा लोड असतो. घरचा गिझर, फ्रिज धंद्यात मोजलाय का बघा. अर्धा एचपी मोटर म्हणजे ३७३ वॅट. मोटरवरच्या माहितीच्या पट्टीचा फोटो काढून ठेवा, अंदाजाने जास्त लिहिलेलं असतं. मीटर ठीक चालत असताना लोड गुणिले तास असा हिशोब लावला असेल, तर त्यावरच हरकत घ्या.

रोहन : ग्राहक मंचात जाता येईल?

प्रकाश काका : नाही. २०१३ च्या अनीस अहमद निकालात सर्वोच्च न्यायालयाने १२६ ची आकारणी ग्राहक मंचात चालत नाही असं ठरवलंय. दिवाणी कोर्टाला कलम १४५ आडवं येतं. उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठात गेलात तर बहुधा आधी अपील करा म्हणतील. आणि कलम १२७ चं अपील अंतिम आदेशापासून ३० दिवसांत, निम्मी रक्कम भरल्यावरच. थकवलं तर वार्षिक १६ टक्के, सहामाही चक्रवाढ. बिनपैशाची जागा एकच, ही हरकत. सगळा जोर इथेच लावा.

अनिता ताई : आणि टॅरिफ (दराचा वर्ग) बदलाचा अर्ज आजच, नाहीतर पुढच्या तपासणीत दुसरी नोटीस. गृहज्योती योजनेची मोफत वीज घरगुती वापरालाच आहे, हेही भाडेकरूला सांगा.

सेक्रेटरी : निघालंच आहे तर, ३०२ चं फरशीकाम जिन्याच्या मीटरवरून चाललंय ते आत्ता बंद करा. मंजूर जागा सोडून दुसरीकडे वीज नेणं पण १२६ मध्येच बसतं, नोटीस सोसायटीच्या नावाने येणार. तात्पुरतं कनेक्शन घ्या.

सुनंदा वहिनी : हरकत मराठीत दिली तर?

प्रकाश काका : कन्नड किंवा इंग्रजीत द्या, भाषांतरात दिवस जायला नकोत. आर.आर. नंबर आणि तपासणीची तारीख मला वेगळी पाठवा, ग्रुपवर नको. मसुदा रात्री देतो.