शनिवारी कोणता सिनेमा?

बी-२०४: शनिवारी क्लब हाऊसमध्ये काय लावायचं? सुचवा लवकर.

ए-५०१: ‘प्लॅन ७५’. जपानी, २०२२चा, दिग्दर्शिका चिए हायाकावा. ७५ वर्षांवरच्या लोकांना स्वेच्छेने मरण्याची सोय सरकारच करून देतंय, अशी कल्पना आहे.

सी-१०२: अरे, आम्हा म्हाताऱ्यांना बोलावून हे दाखवणार?

ए-५०१: काकू, तुमच्यासोबतच बघायचाय. त्यात युमी कावाई नावाची अभिनेत्री आहे, ती कॉल सेंटरमध्ये काम करणारी मुलगी झालीय. ज्यांनी नाव नोंदवलंय त्यांच्याशी फोनवर बोलायचं, एका वेळी १५ मिनिटं. भेटायला मनाई. तरी ती एका आजींना भेटते, दोघी बोलिंग खेळायला जातात. आजी म्हणजे चिएको बाइशो, तिकडच्या फार जुन्या अभिनेत्री. युमीची भूमिका छोटीच, पण शेवटच्या फोनवर ठरलेल्या सूचना वाचताना तिचा आवाज कापतो ना, तिथे मी सिनेमा थांबवून उठलो होतो.

बी-६०३: दादा, ‘डेझर्ट ऑफ नामिबिया’वाली तीच का?

ए-५०१: तीच! त्याची तर गोष्टच वेगळी. योको यामानाकाने विशीच्या आसपास ‘अमिको’ नावाचा अगदी कमी पैशातला सिनेमा केला. युमी तेव्हा अभिनेत्री झालीही नव्हती. तो बघून तिने दिग्दर्शिकेला पत्र दिलं, मला तुमच्या सिनेमात काम करायचंय म्हणून. पुढे काही वर्षांनी दोघींनी मिळून ‘नामिबिया’ केला आणि २०२४ला कान चित्रपट महोत्सवाच्या वेळच्या ‘डायरेक्टर्स फोर्टनाइट’ विभागात त्याला समीक्षकांचा फिप्रेस्की पुरस्कार मिळाला. त्यातली नायिका काना चिडते, खोटं बोलते, मारामारी करते. आपल्याला ती आवडावी म्हणून युमीने कुठेही तिला गोड केलेलं नाही. मला हे फार मोठं वाटतं.

डी-३०१: एवढी गुणी आहे तर मोठ्या बॅनरकडे का नाही जात?

ए-५०१: काका, २०२४मध्ये टीव्ही मालिकेमुळे ती घराघरांत पोचली. त्याच वर्षी दिग्दर्शक यू इरिएचा ‘अ गर्ल नेम्ड अ‍ॅन’ही आला, वर्तमानपत्रातल्या खऱ्या बातमीवरचा. आईने छळलेली, व्यसनातून बाहेर पडू बघणारी मुलगी, आणि मध्येच कोरोना. त्यासाठी २०२५ला तिला जपान अकादमीचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

बी-२०४: मग ‘प्लॅन ७५’ पक्का? सात वाजता?

सी-१०२: साडेसहाला ठेवा, जेवणं वेळेत होतील. पण मला खालच्या इंग्रजी ओळी भराभर वाचता येत नाहीत रे.

ए-५०१: मी तुमच्या शेजारी बसतो काकू, हळू आवाजात सांगत जाईन. फक्त त्या शेवटच्या फोनला काही सांगणार नाही. तो तुम्हाला तसाच कळेल.