बाल्कनीच्या सरकत्या दरवाजाचे माप

सदनिका ३०४ : सर्वांना नमस्कार. बाल्कनीकडचा जुना लाकडी दरवाजा वाळवीने पोखरल्यामुळे आम्ही चौकटीसह काढला असून तेथे ॲल्युमिनियमचा सरकता दरवाजा बसवणार आहोत. दुकानदार म्हणतात की २०४ मधला दरवाजा ७ बाय ७ फुटांचा आहे, इमारत एकच आहे, तेव्हा तेच माप धरून काम सुरू करू. अण्णा, आपली उभी हयात बांधकामावर गेली आहे, म्हणून विचारतो, हे चालेल का?

सदनिका २०४ : भाऊ, आमचे माप कृपा करून घेऊ नका. आमच्या कारागिराने फरशी बसण्याआधीच माप घेतले होते. नंतर जुन्या शहाबादीवरच मसाला आणि नवी टाइल चढली, उंची जवळजवळ दोन इंचांनी कमी झाली आणि तयार होऊन आलेली चौकट कापावी लागली. दरवाजा आजही मध्येच अडकतो.

सदनिका १०२ (अण्णा) : वहिनींनी मूळ मुद्दा सांगितलाच आहे. नकाशात सगळ्या मजल्यांवर दरवाजासाठी भिंतीत सोडलेल्या जागा सारख्या असतात, परंतु प्रत्यक्षात गवंड्याचा हात, गिलाव्याची जाडी आणि जुनी चौकट उखडताना उडालेले टवके यांमुळे प्रत्येक जागा वेगळी निघते. प्रथम उंबऱ्याची पट्टी आणि फरशी पक्की करा, कडेचा सैल गिलावा खरवडून काढा आणि मगच टेप हातात घ्या. रुंदी वर, मध्ये आणि खाली, तर उंची डावीकडे, मध्ये आणि उजवीकडे अशी मोजावी, आणि दोन्हींमध्ये सर्वांत लहान येईल तोच आकडा धरावा, कारण रिकामी फट भरता येते, पण मोठी झालेली चौकट भिंतीत शिरत नाही. त्यानंतर दोन्ही कर्ण मोजा, बाजू सरळ उभ्या आहेत का हे पाहायला ओळंबा, म्हणजे दोरीला बांधलेले वजन, सोडा आणि उंबऱ्याची पातळी पाणी भरलेल्या पारदर्शक नळीने तपासा. सगळे मिलिमीटरमध्ये लिहा. आपल्याकडे कारागीर ‘सात फूट एक सूत कमी’ असे सांगतो, ऐकणारा सूत, म्हणजे इंचाचा आठवा भाग, विसरतो आणि ३ मिलिमीटर तिथेच जातात.

टेपबद्दल एक सांगतो, कारण चांगले शिकलेले लोकही येथे चुकतात. कोपऱ्यात टेप वाकवून अंदाजाने आकडा वाचू नये. टेपची डबी समोरच्या भिंतीला टेकवून मोजत असाल, तर डबीवर छापलेली तिची लांबी आकड्यात मिळवावी लागते.

सदनिका ३०४ : अण्णा, उंबऱ्याची पट्टी आणि फरशी मागच्याच महिन्यात झाली आहे, त्यामुळे मुलाला सोबत घेऊन लगेच मोजले. रुंदी वर २१३४, मध्ये २१२८, खाली २१२१. उंची डावीकडे २११०, मध्ये २१०७, उजवीकडे २१०४. कर्ण ३००१ आणि २९८८ आले. डावी बाजू ओळंब्यात आहे.

सदनिका १०२ (अण्णा) : आकडे एकमेकांशी जुळतात, म्हणजे मोजणी नीट झाली आहे. वरची रुंदी खालच्यापेक्षा १३ मिलिमीटर जास्त, कर्णांतही तेवढाच फरक आणि डावी बाजू सरळ. याचा अर्थ उजवी भिंत वर बाहेरच्या बाजूला झुकली आहे. वरची कड पातळीत असेल, तर उंबरा उजवीकडे ६ मिलिमीटर उंच आहे. २१२१ आणि २१०४ यांतून प्रत्येक बाजूला ५ मिलिमीटर सोडले की चौकट २१११ बाय २०९४ होते. आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशीपार जातो आणि तापमानात ३० अंशांचा फरक पडला की एवढ्या लांबीचे ॲल्युमिनियम सुमारे दीड मिलिमीटर वाढते, म्हणून चौकट भिंतीला घट्ट ठोकून बसवू देऊ नका.

सदनिका ३०४ : उजवीकडे वर राहणारी फट सिलिकॉनने भरली तर चालेल का? दुकानदार तसेच म्हणत आहेत.

सदनिका १०२ (अण्णा) : तेथे १८ मिलिमीटर फट राहील आणि एवढी फट नुसत्या सिलिकॉनवर सोडणे मला पटत नाही. आधी गिलाव्याने ती बाजू ओळंब्यात आणा. चौकट डावीकडे पातळीत यावी म्हणून तिच्याखाली पाचर द्यावी लागेल. ती न दिल्यास पल्ला, म्हणजे सरकणारे दार, आपोआप एका बाजूला घसरत राहील. उंबऱ्याचा उतार मात्र बाल्कनीकडेच असू द्या. पल्ला कोणत्या बाजूला सरकणार हे लिहिताना ‘घरातून पाहता’ असे स्पष्ट नमूद करा.

सदनिका २०४ : पाण्याची नळी आमच्याकडे आहे. सायंकाळी सहानंतर मुलाला पाठवा.

सदनिका ३०४ : धन्यवाद, वहिनी. उद्या गवंडी येत आहे. गिलाव्याला आठवडाभर पाणी मारून झाल्यावर सगळी मापे पुन्हा घेतो आणि दुकानदारांनाही समक्ष बोलावतो. तोपर्यंत त्यांना चौकट कापू नका असे कळवले आहे.