मदत हवी आहे: पतंजली प्रकरणानंतर नियम १७० चे काय?

२००६ साली हरिद्वारमध्ये सुरू झालेली पतंजली आयुर्वेद २०१९ मध्ये दिवाळखोरीच्या प्रक्रियेतील रुची सोया विकत घेण्याइतकी कशी वाढली, यावर मी लेख लिहीत आहे. अडचण न्यायालयीन भागाची आहे. पतंजलीच्या फसव्या जाहिरातींविरुद्ध इंडियन मेडिकल असोसिएशन या डॉक्टरांच्या संघटनेने केलेल्या याचिकेत सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२४ मध्ये पतंजलीला अवमानाची नोटीस काढली, पुढे कंपनीचा वृत्तपत्रांतील माफीनामा जाहिरातींएवढाच मोठा होता का, असा (माझ्या मते अत्यंत नेमका) प्रश्न विचारला आणि ऑगस्टमध्ये माफी स्वीकारून अवमानाची कारवाई थांबवली. मात्र आयुर्वेदिक औषधांच्या जाहिरातींसाठी राज्य परवाना अधिकाऱ्यांची पूर्वमंजुरी बंधनकारक करणारा, औषध नियम, १९४५ मधील नियम १७० आयुष मंत्रालयाने वगळल्यानंतर, फसव्या दाव्यांवर प्रत्यक्षात कोणत्या कायद्याखाली कारवाई होते? जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.