गोवा १९६१ आणि ‘आंतरराष्ट्रीय समाज’: नियम मोडला गेला तर समाज उरतो का?

तिठा (प्रश्न)

एमएच्या लघुप्रबंधासाठी आंतरराष्ट्रीय संबंधांचे अभ्यासक हेडली बुल यांची ‘आंतरराष्ट्रीय समाज’ ही कल्पना घेतली आहे. उदाहरण म्हणून डिसेंबर १९६१ची गोव्यातली लष्करी कारवाई निवडली. संयुक्त राष्ट्रांच्या चार्टरचं कलम २(४) बळाचा वापर निषिद्ध ठरवतं, आणि भारताने बळ वापरलं. सुरक्षा परिषदेतला ठराव सोव्हिएत नकाराधिकारामुळे पडला. पोर्तुगालला काही करता आलं नाही. मग निकाल लष्कराने आणि शीतयुद्धातल्या गटबाजीने लावला असंच दिसतं. हे वास्तववादाचं, म्हणजे राज्यांमध्ये शेवटी बळच चालतं या मताचं, उदाहरण झालं, यात ‘समाज’ कुठे आला? मार्गदर्शक म्हणतात की उदाहरण उत्तम आहे, पण कसोटी चुकीची लावली आहे. कसोटी नेमकी कोणती लावायची आणि मूळ कागद कोणते वाचायचे?

पैलतीर

मार्गदर्शकांचं बरोबर आहे. नियम मोडला म्हणून समाजच नाही असं धरलं, तर ज्या गावात चोरी होते तिथेही समाज नाही म्हणावं लागेल.

आधी १९७७च्या ‘द अनार्किकल सोसायटी’मधली व्याख्या सुटी करून वाचा. एकाचा निर्णय घेताना दुसऱ्याचा हिशेब धरावाच लागतो इतका राज्याराज्यांत संपर्क असला, की प्रणाली झाली. समाज व्हायला एवढं पुरत नाही. काही हितसंबंध आणि मूल्यं सामायिक आहेत याची जाणीव हवी, आपण एकाच नियमसंचाने बांधलेले आहोत असं राज्यांनी स्वतःच मानलेलं हवं, आणि सामायिक संस्था चालवण्यात सगळ्यांचा हात हवा. बुल यांच्या लेखी अशा संस्था पाच: सत्तासमतोल, आंतरराष्ट्रीय कायदा, राजनय, युद्ध आणि बड्या सत्ता. या यादीत युद्ध आहे आणि संयुक्त राष्ट्रं नाहीत, हे दोनदा वाचा. प्रबंधांत सर्वाधिक घोटाळा इथेच होतो. समाज म्हणजे शांतता किंवा समाज म्हणजे न्यूयॉर्कमधली संघटना असं गृहीत धरलं जातं, आणि मग नकाराधिकार वापरला गेला की लेखक समाजालाच मृत घोषित करून मोकळा होतो.

कसोटी तीन भागांत लावा. नियम मोडणाऱ्याने समर्थन कोणत्या भाषेत केलं? इतरांनी ते कोणत्या आधारावर मानलं किंवा नाकारलं? आणि पुढच्या दहा-पंधरा वर्षांत त्या नियमाचं काय झालं? वास्तववादी म्हणेल की समर्थन हा मुखवटा आहे. असेलही. पण मुखवटा घालावा लागतो, याचाच अर्थ इतर राज्यांना उत्तर देणं आपल्यावर बंधनकारक आहे हे मान्य केलेलं असतं. शिवाय आज दिलेलं कारण उद्या आपल्याच गळ्यात येऊ शकतं. प्रणाली आणि समाज यांतला फरक इथे पकडायचा.

मूळ कागद म्हणजे १८ डिसेंबर १९६१च्या सुरक्षा परिषदेच्या ९८७व्या आणि ९८८व्या बैठकीचं शब्दशः इतिवृत्त. तेव्हा परिषदेचे सदस्य ११ होते आणि ठराव मंजूर व्हायला ७ मतं लागत. अमेरिका, ब्रिटन, फ्रान्स आणि तुर्कस्तान यांच्या युद्धबंदी व सैन्यमाघारीच्या ठरावाला बरोबर ७ मतं मिळाली. विरोधात ४ होती: सोव्हिएत संघ, सिलोन (आजचं श्रीलंका), लायबेरिया आणि संयुक्त अरब प्रजासत्ताक (इजिप्त). पोर्तुगालची तक्रार फेटाळणारा ठराव या शेवटच्या तिघांनी मांडला होता. त्याला ४ विरुद्ध ७ अशी हार पत्करावी लागली. म्हणून ‘केवळ नकाराधिकार’ असं लिहून पुढे जाऊ नका. तीन आफ्रो-आशियाई देशांची मतं आणि त्यांची कारणं हाच तुमचा पुरावा आहे.

इतिवृत्त वाचताना प्रत्येक वक्त्यासाठी तीन रकाने करा: कोणता नियम पुढे केला, समोरच्याचा नियम नाकारला की फक्त तो इथे लागू नाही म्हटलं, आणि कोणत्या जुन्या ठरावाचा आधार घेतला. भारताचे प्रतिनिधी सी. एस. झा कलम २(४) खोटं आहे असं म्हणत नाहीत. १५१०चा पोर्तुगीज ताबा मुळातच बेकायदा, गोवा भारताचाच भाग, त्यामुळे परकी भूमीवर आक्रमणाचा प्रश्नच येत नाही, असा त्यांचा युक्तिवाद. आणि त्याला वसाहतवाद संपवण्याची मागणी करणाऱ्या, १४ डिसेंबर १९६०च्या आमसभेच्या १५१४ क्रमांकाच्या ठरावाचा टेकू. तो ठराव ८९ विरुद्ध शून्य मतांनी मंजूर झाला होता, ९ देश तटस्थ होते. आता उलट बाजू पाहा. अमेरिकेचे स्टीव्हन्सन यांचा सगळा रोख बळाच्या वापरावर आहे, वसाहतवादाचं समर्थन ते करत नाहीत. दोन्ही बाजू एकाच नियमसंचातल्या दोन नियमांपैकी कोणता वरचढ यावर भांडत आहेत.

आग्नेय

वरच्या प्रतिसादात भर. एकट्या गोव्याच्या उदाहरणावर तिसरा भाग, म्हणजे ‘पुढे काय झालं’, सिद्ध होणार नाही. जोडीला पूर्व तिमोर घ्या. वसाहत त्याच पोर्तुगालची, आणि बळ वापरणारा शेजारीही वसाहतमुक्त आशियाई देश. इंडोनेशियाचं सैन्य ७ डिसेंबर १९७५ रोजी उतरलं. २२ डिसेंबरला सुरक्षा परिषदेने ३८४ क्रमांकाचा ठराव एकमताने मंजूर करून माघारीची मागणी केली. ऑस्ट्रेलियासारखे अपवाद सोडले तर हे सामिलीकरण कायदेशीर मानायला फारसं कोणी तयार झालं नाही. ३० ऑगस्ट १९९९च्या सार्वमतात ७८.५ टक्के लोकांनी इंडोनेशियाअंतर्गत स्वायत्ततेचा प्रस्ताव नाकारला आणि २० मे २००२ रोजी देश स्वतंत्र झाला.

गोव्याबाबतचा ठराव पडल्यावर विषय आमसभेत नेला गेला नाही. पुढे लिस्बनमधली राजवट एप्रिल १९७४मध्ये कोसळली, आणि ३१ डिसेंबर १९७४च्या करारात पोर्तुगालने भारताचं सार्वभौमत्व मान्य केलं, तेही मागल्या तारखेपासून, म्हणजे ते प्रदेश भारतीय घटनेनुसार भारतात आले तेव्हापासून.

केवळ बळाने निकाल लागत असता तर दोन्हीकडे एकच निकाल दिसायला हवा होता, कारण दोन्हीकडे ताबा पक्का होता आणि पोर्तुगाल हतबल. फरक पडला तो स्वयंनिर्णयाच्या नियमामुळे. तिमोरमध्ये २८ नोव्हेंबर १९७५ला फ्रेटिलिन या तिथल्या स्वातंत्र्यवादी पक्षाने स्वतंत्र राज्य जाहीर केलं होतं, त्यामुळे वसाहतविरोधी भाषा इंडोनेशियावरच उलटली. परिषदेपुढच्या गोव्याच्या वादात वेगळं राज्य हा पर्याय नव्हताच. मात्र शीतयुद्ध संपणं आणि १९९८मध्ये इंडोनेशियाचे राष्ट्राध्यक्ष सुहार्तो यांचं पायउतार होणं या गोष्टींचा वाटाही लिहा. तो गाळलात तर परीक्षक नेमकं तिथेच बोट ठेवतील.

तिठा

दोघांचे आभार, रकान्यांची पद्धत लगेच वापरतो. एक उपप्रश्न: बुल आणि वॉटसन यांच्या १९८४च्या संपादित ग्रंथात हा समाज युरोपात घडला आणि मग जगभर पसरला अशी मांडणी आहे. मग भारत या समाजात विसाव्या शतकात ‘दाखल’ झाला असं गृहीत धरायचं का?

दफ्तरी

अजिबात नको. याच विषयात त्याला छेद देणारा कागद आहे. दादरा-नगरहवेलीच्या वाटेवरून पोर्तुगालने भारताविरुद्ध लढवलेल्या खटल्याचा आंतरराष्ट्रीय न्यायालयाचा निकाल वाचा, तारीख १२ एप्रिल १९६०. १९५४मध्ये ही ठाणी पोर्तुगीजांच्या हातून गेली, आणि दमणहून तिकडे जायला भारताच्या भूमीवरून वाट मिळण्याचा हक्क आपल्याला आहे असा पोर्तुगालचा दावा होता. दाव्याचं मूळ? पेशव्यांशी झालेला १७७९चा पुण्याचा तह, आणि १७८३ व १७८५च्या सनदा.

त्या तहाने दमण परगण्यातल्या गावांचा वर्षाला १२,००० रुपये महसूल पोर्तुगीजांना मिळणार होता. भारताच्या वकिलांनी तहाच्या वैधतेवरच शंका घेतली. न्यायालयाने ती मानली नाही. अठराव्या शतकाच्या अखेरीस हिंदुस्थानात झालेला तह नंतर रूढ झालेल्या पद्धतींनी जोखायचा नाही, आणि मराठ्यांनी स्वतः तो बंधनकारक मानला होता, असं न्यायालय म्हणतं. पण त्याचबरोबर सनदांनी दिला तो महसूल, सार्वभौमत्व नव्हे, असंही ठरवलं. सरंजाम आणि राज्य यांतला भेद पुणे दरबारात जसा समजला जाई, तसाच द हेगमध्ये, म्हणजे या न्यायालयात, टिकला. पोर्तुगीजांची सत्ता पुढे ब्रिटिशांनी मुकाट्याने मानली आणि त्यांच्यामागून भारताने, असा न्यायालयाचा क्रम आहे.

निकालाचे आकडे: खाजगी व्यक्ती, मुलकी अधिकारी आणि माल यांना वाटेचा हक्क होता, ११ विरुद्ध ४. सैन्य, सशस्त्र पोलीस आणि शस्त्रं यांना नव्हता, ८ विरुद्ध ७. भारताने दायित्व मोडलं नाही, ९ विरुद्ध ६. नागरी वाहतुकीची सव्वाशे वर्षांहून जुनी वहिवाट हा पहिल्या मुद्द्याचा पाया होता, आणि दोनच राज्यांमध्येही अशी प्रथा नियम बनू शकते हे न्यायालयाने मान्य केलं. नियम व्यवहारातून कसा घट्ट होतो, याचं याहून नेमकं उदाहरण या विषयात मिळणं कठीण.

पुणे दरबारी पोर्तुगीज वकील असत, तह होत, ते पाळले किंवा मोडले जात आणि मोडले की त्याचा जाब विचारला जाई. मराठ्यांना केवळ ‘प्रणाली’त ढकलून समाजाचा मान फक्त युरोपीय राज्यांना देणारी मांडणी मला या कागदांपुढे तग धरणारी वाटत नाही.

पैलतीर

दफ्तरी, मुद्दा मोलाचा आहे, पण एक पायरी जपून. तह आणि वकील यांवरून सामायिक नियम सिद्ध होतात. समान मूल्यांची जाणीव लगेच सिद्ध होत नाही. तिठा, तुम्ही ‘पश्चिम किनाऱ्यावरचा प्रादेशिक, मर्यादित समाज’ इतकंच म्हणा, ते टिकेल. बुल यांनी त्याच १९८४च्या ग्रंथात पश्चिमेविरुद्धच्या उठावाचे पाच धागे सांगितले आहेत: समान सार्वभौमत्व, वसाहतविरोध, वांशिक समता, आर्थिक न्याय, सांस्कृतिक मुक्ती. गोव्याचा वाद पहिल्या दोनांत बसवा, पाचही ओढूनताणून आणू नका.

प्रकरणांचा क्रम: व्याख्या आणि कसोटी, मग १७७९ ते १९६० (निकालाची प्रत हाताशी ठेवून), मग १८ डिसेंबरचं इतिवृत्त, शेवटी तिमोरशी तुलना. तिमोरला एकूण पानांच्या पाचव्या भागाहून जास्त जागा देऊ नका.

आग्नेय

एक राहिलं. १६ जानेवारी १९६७चा गोव्याचा जनमत कौल ‘गोव्याने भारत निवडला’ याचा पुरावा म्हणून बऱ्याच ठिकाणी वापरलेला दिसतो. मतपत्रिकेवर पर्याय दोनच होते, महाराष्ट्रात विलीनीकरण किंवा केंद्रशासित प्रदेश. स्वयंनिर्णयाच्या प्रकरणात तो घातलात तर संपूर्ण युक्तिवाद तिथे फुटेल. त्याऐवजी १५ डिसेंबर १९६०चा आमसभेचा १५४२ क्रमांकाचा ठराव घाला. पोर्तुगाल या वसाहतींना १९५१पासून ‘सागरपार प्रांत’ म्हणत होता. तो दावा याच ठरावाने फेटाळला, आणि त्यातल्या स्वशासन नसलेल्या पोर्तुगीज प्रदेशांच्या यादीत गोव्याचं नाव आहे.