टीमच्या नावाआधी दुकानाचं नाव लावायचं का?

गावभागकर:
आपल्या सांगलीच्या फुटबॉल टीमच्या रविवारच्या मीटिंगला एक प्रस्ताव येतोय. एक व्यापारी दोन वर्षं किट, एन्ट्री फी, गाडीभाडं सगळं उचलायला तयार आहेत. अटी दोन: टीमच्या नावाआधी त्यांच्या दुकानाचं नाव, आणि कोल्हापूरहून चार खेळाडू मानधनावर आणायचे.

माझा दोन्हीला विरोध आहे. २०१९ ला आयर्विन पुलापाशी कृष्णा ५७ फुटांवर गेली तेव्हा आपली किटची पेटी पाण्याखाली होती. पाणी ओसरल्यावर पोरांनी एकेक जर्सी गाळातून उपसली, घरोघरी चार-चार वेळा धुतली, तरी पांढऱ्या कॉलरवरचा मातकट डाग गेला नाही. पुढचा सीझन आपण त्याच जर्सीवर काढला. स्पेनमधला ॲथलेटिक बिल्बाओ १८९८ चा क्लब, आपल्या बास्क भागातल्या खेळाडूंवरच खेळतो, आणि ला लीगा या तिथल्या सगळ्यात वरच्या लीगमधून आजवर एकदाही खाली गेलेला नाही. मग आपल्यालाच बाहेरची माणसं का लागावीत?

राइट विंग:
दादा, डागाची जर्सी मीही घातलीय, म्हणून स्पष्ट बोलतो. गेल्या सेमीफायनलला आपण नऊ जण उभे होतो. सातच्या खाली गेलो असतो तर मॅचच झाली नसती. तिघं पुण्याला कंपनीत लागलेत. एकाच्या गुडघ्याच्या ऑपरेशनला घरच्यांनी कर्ज काढलं, क्लबकडं द्यायला काही नव्हतं. तेव्हा मला फार लाज वाटली.

आणि बिल्बाओचं तुम्ही अर्धंच सांगितलंत. तिथं जन्म बास्क भागातला नसला तरी चालतो, खेळाडू तिथल्या क्लबात घडलेला असला की झालं. त्यासाठी लेझामाला त्यांची अकादमी आहे. आपल्याकडं चौदा वर्षांखालची टीम तरी आहे का?

जुना स्टॉपर:
दोघांचंही थोडं थोडं पटतं. कोल्हापूरला पाटाकडील, दिलबहार, खंडोबा या फुटबॉल टीमची नावं तालमींचीच आहेत. तिथल्या टीममध्ये परदेशी खेळाडूही उतरलेत, तरी शाहू स्टेडियमवर माणूस आपल्या तालमीसाठीच घसा कोरडा करतो. नाव राखा, खेळाडू आणा, असं माझं मत.

गावभागकर:
काका, तिथं तिकीट काढून हजारोंनी लोक येतात. आपल्या मॅचला कठड्यावर पन्नास माणसं, त्यातली निम्मी पोरांच्या घरची. चार बाहेरचे उतरले की आपली चार पोरं बाकावर. मग त्यांच्या आईबापांनी रविवारची सकाळ कुणासाठी घालवायची?

यार्डातला लेफ्ट बॅक:
मला एक विचारायचंय. माझे वडील विजापूरकडून हळदीच्या हमालीला सांगलीच्या मार्केट यार्डात आले. आमच्या घरात आजही कन्नड बोलतात. नऊ वर्षं मी या टीमकडून खेळतोय. ‘बाहेरचा’ म्हणता तेव्हा माझ्या पोटात गोळा येतो. मी कुठला?

गावभागकर:
तू आपला आहेस रे. मॅचच्या दिवशी साडेसहाला सुतळी ताणून, चुन्याची बादली घेऊन लाइन मारायला पहिला कोण येतं? तूच. मी जन्मगाव कधीच विचारलं नाही. शब्द चुकला माझा, मागे घेतो.

राइट विंग:
मग उद्या कोल्हापूरचा एखादा तसाच साडेसहाला आला तर? आणि त्या पैशातून सांगलीवाडीच्या, यार्डातल्या लहान पोरांना बूट मिळाले तर? आज ती अनवाणी खेळतात, तेही तुम्ही रोज बघताच.

जुना स्टॉपर:
बुटांचा मुद्दा मीटिंगला सगळ्यात आधी घ्या.

गावभागकर:
घेऊ. चारऐवजी दोन खेळाडू, तेही इथं राहून सरावाला येणारे, आणि निम्मा पैसा लहान पोरांवर, एवढं मी मान्य करतो. दुकानाचं नाव पाठीवर नंबरखाली छापा. टीमच्या नावाला मात्र हात लावू देणार नाही, मग व्यापारी उठून गेले तरी चालेल.

राइट विंग:
ते उठून गेले तर पुढच्या महिन्याची एन्ट्री फी कोण भरणार, तेही रविवारी सांगा दादा.