‘नाच्या’ : कामाचं नाव की शिवी?

प्रश्न : मुलीला शाळेत ‘कोल्हापूरचे कलावंत’ हा विषय दिलाय. तिनं मराठी चित्रपटांतले नट गणपत पाटील निवडले आणि ‘सहाय्यक अभिनेता’ असं लिहिलं. आमच्या दादांनी ते खोडून ‘नाच्या’ लिहायला लावलं. आई म्हणते, लेकराच्या वहीत असला शब्द नको. काय ठेवायचं?

उत्तर : ‘सहाय्यक’ तर बदलाच. ‘साहाय्य’वरून ‘साहाय्यक’ किंवा ‘सहाय’वरून ‘सहायक’. मधलं रूप अशुद्ध आहे. शिवाय हा शब्द पुरस्कारांच्या यादीतला. आपल्या पेठांत असं कोण बोलतं? ‘भालजींच्या (दिग्दर्शक भालजी पेंढारकरांच्या) पिक्चरमध्ये काम केलेला माणूस’ म्हणतात. ‘काम’ म्हणजे भूमिका, हा नाटकवाल्यांचा जुना अर्थ आपल्याकडं अजून चालता आहे.

आता ‘नाच्या’. वाटाड्या, सोंगाड्या, ढोलक्या यांच्याच घरातला शब्द: माणूस जे करतो त्यावरून पडलेलं नाव. नाच्याला, नाच्याचा, अनेकवचन नाचे. तमाशाच्या फडावर बाया उभ्या राहायच्या आधी बाईचं सोंग घेऊन नाचायचा तो नाच्या पोऱ्या. मागं सूर धरणारे सुरत्ये, ढोलक्या, सोंगाड्या यांच्याइतकाच तो फडाला लागायचा. पुढं बाया स्वतःच नाचू लागल्या, पण नाच्या गेला नाही, त्याचं काम बदललं. तमाशापटांत तो नाचणारणीच्या अवतीभवती वावरणारा, बायकी हावभावांचा, हसवणारा गडी झाला. गणपत पाटलांनी उभा केला तो हा नाच्या. ‘आत्ता गं बया!’ म्हटलं की आजही तेच डोळ्यांपुढं येतात.

शब्द घसरला तो इथं. मराठीत दुसराही एक ‘-या’ आहे, गण्या, पांड्या असं हिणवून हाक मारायचा. कानाला दोन्ही सारखेच, त्यामुळं कामाचं नाव हाकेसारखं वापरलं जाऊ लागलं. पाटील बायकामुलांचे, संसारी गृहस्थ. पण पडद्यावरचं सोंग इतकं खरं उतरलं की लोक त्यांना रस्त्यातही तसंच समजत, आणि त्याची झळ घरच्यांना लागली. आईंना शब्द खटकतो तो यामुळंच, आणि त्यांचं चुकत नाही.

प्रश्न : मग ‘चरित्र अभिनेता’ लिहू का? तो मानाचा वाटतो.

उत्तर : हिंदीतून आलाय. मराठीत चरित्र म्हणजे जीवनकथा. गुरुजींना वाटेल, हे संतांच्या चित्रपटांतले नट.

आणखी एक वाचक : मला वेगळंच खटकतं. गणपतराव कोल्हापुरातल्या गरीब घरचे. वडील लहानपणीच गेले. त्या काळी इथं रामायणाचे खेळ व्हायचे, त्यांत ते सीता व्हायचे. संगीत नाटकात पुरुषानं लुगडं नेसलं की ‘स्त्रीपार्टी नट’ हा आदराचा शब्द, आणि त्या कामाच्या जोरावर बालगंधर्वांना 1964 साली पद्मभूषणही मिळालं. फडावर बाईचं सोंग घेणारा मात्र ‘नाच्या’. दोघांनाही ठुमका आणि लाज तालात बसवायची असते. शब्द वेगळे पडले ते प्रेक्षक कुठं बसलाय त्यावरून, असं मला वाटतं. म्हणून ‘नाच्या’ खोडू नका. खोडलात तर त्यांनी आयुष्यभर केलेलं कामच खोडलं जाईल.

उत्तर : पटलं. फक्त त्याच्यापुढं ‘काम’ जोडा. ‘ते नाच्या होते’ आणि ‘त्यांनी नाच्याचं काम केलं’ यांत एका माणसाची अब्रू आहे. वाक्य असं करा: ‘गणपत पाटील हे कोल्हापूरचे नट. भालजी पेंढारकरांच्या मीठभाकर या चित्रपटात त्यांनी काम केलं. पुढं तमाशापटांतलं त्यांचं नाच्याचं काम महाराष्ट्रभर गाजलं. 23 मार्च 2008 रोजी ते वारले.’

प्रश्न विचारणारे : आईला वाचून दाखवलं. म्हणाली, ‘वारले’ नको, ‘निधन झालं’ लिही, आणि सीतेचं काम आधी घाल. मुलीनं दोन्ही केलं. ‘नाच्याचं काम’ तसंच आहे.