पिलाताचा प्रश्न आणि महाडचा ठराव: लोकशाहीला सापेक्षतावादाचा पाया हवा का?

मुचकुंद (चर्चाप्रस्ताव)

ऑस्ट्रियाची १९२० ची राज्यघटना घडवण्यात ज्यांचा मोठा वाटा होता, त्या कायदेपंडित हान्स केल्सन यांचा लोकशाहीच्या स्वरूपावरचा आणि मूल्यावरचा प्रबंध योहानाच्या शुभवर्तमानातील एका प्रसंगापाशी येऊन थांबतो. ‘सत्य काय आहे?’ असे विचारून रोमन सुभेदार पिलात उत्तराची वाट न पाहता बाहेर येतो आणि येशूला सोडावे की दरोडेखोर बरब्बाला, हे जमावावर सोपवतो. जमाव बरब्बाला मागून घेतो. केल्सन यांच्या मते, सत्य काय हे पिलाताला ठाऊक नव्हते म्हणूनच त्याने लोकांना विचारले. हा प्रसंग लोकशाहीविरुद्धचा पुरावा आहे असे कोणी म्हणाले, तर तो आक्षेप ते एका अटीवर मान्य करतात: प्रसंगी रक्त सांडूनही लादावे लागेल अशा आपल्या राजकीय सत्याची त्या माणसाला, देवपुत्राला होती तितकीच, खात्री असली पाहिजे.

सापेक्षतावादाचा हा युक्तिवाद देखणा आहे. मूल्यांबाबतचे अंतिम सत्य मानवी बुद्धीच्या आवाक्यात नसेल, तर कोणाचेही मत मुळातच बाद ठरत नाही, आजच्या अल्पमताला उद्या बहुमत होण्याची वाट मोकळी ठेवावी लागते आणि तडजोड करण्यात लाज वाटण्याचे कारण उरत नाही.

तरीही मला तो पटत नाही. पहिली गोष्ट म्हणजे उदाहरणच फसलेले आहे. प्रश्न विचारून बाहेर आलेला पिलात लगेचच सांगतो की, या माणसात मला काही अपराध दिसत नाही. निवाड्यापुरते सत्य त्याला कळले होते. कमी पडले ते धैर्य. शिवाय तो रोमने नेमलेला अधिकारी होता आणि समोर जमाव होता, मतदार नव्हते. दुसरी गोष्ट अधिक गंभीर आहे. ‘सर्व मते सारख्याच मोलाची’ या विधानातून ‘म्हणून सर्वांना विचारा’ हे जितके निघते, तितकेच ‘म्हणून ज्याच्या हाती बळ, त्याचे खरे’ हेही निघते. मुसोलिनीने १९२१ च्या एका लेखात नेमका हाच रस्ता धरला: सर्व विचारप्रणाली सारख्याच कल्पित असतील, तर प्रत्येकाला आपली प्रणाली घडवण्याचा आणि सर्व ताकदीनिशी ती लादण्याचा हक्क आहे. त्याला आपण चूक म्हणतो, ते माणसांचे मोल समान आहे हे आधीच गृहीत धरून. आणि हे गृहीतक सापेक्ष नाही.

शततारका

मुचकुंद यांनी केल्सन यांचा सापेक्षतावाद फार स्वस्तात विकला आहे. अमुक एक मूल्य निरपेक्षपणे श्रेष्ठ आहे असे बुद्धीने सिद्ध करता येत नाही, एवढाच त्यांचा दावा आहे. यातून कोणतेही मत कोणत्याही मताइतकेच बरे, असे ठरत नाही. मुसोलिनीचा लेख मलाही ठाऊक आहे, पण ‘लादण्या’पर्यंतची त्याची उडी सापेक्षतावादातून निघत नाही, कारण लादणाऱ्याने स्वतःच्या मताविषयी शंका घेणे केव्हाच सोडलेले असते. १९३३ मध्ये ज्या नाझींनी जर्मन संसद निकामी केली, त्यांना वंशसिद्धान्त हे अनेक मतांपैकी एक मत वाटत नव्हते. त्याच वर्षी कोलोनच्या विद्यापीठातून काढून टाकलेल्या केल्सन यांना हे कोणी शिकवण्याची गरज नव्हती. समतेबद्दल म्हणाल तर ती आपण केलेली निवड आहे. न्याय म्हणजे काय या त्यांच्या प्रसिद्ध व्याख्यानाच्या शेवटी त्यांनी सांगितले की, निरपेक्ष न्याय काय हे मला माहीत नाही. माझ्यापुरता न्याय म्हणजे स्वातंत्र्य, शांतता, लोकशाही आणि सहिष्णुता. याहून अधिक सांगता येते असा ज्याचा दावा असेल, त्याने ते सांगावे.

जुना अशील

‘निवड’ हा शब्द वाचून महाडची आठवण झाली. सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करावेत, हा रावबहादूर सी. के. बोले यांचा ठराव १९२३ मध्ये मुंबई कायदेमंडळाने संमत केला आणि १९२४ मध्ये महाडच्या नगरपालिकेने चवदार तळे ठराव करून खुले केले. मार्च १९२७ मध्ये आंबेडकर आणि त्यांचे अनुयायी खरोखरच पाणी प्यायले, तेव्हा तळ्याचे शुद्धीकरण झाले आणि ऑगस्टमध्ये त्याच नगरपालिकेने आपला ठराव मागे घेतला. ठरावाने दिले, ठरावाने काढून घेतले. शततारका यांच्या हिशेबाने या दोन ‘निवडीं’पैकी दुसरी चूक होती, असे म्हणायला आधार कोणता? मला ती आवडत नाही, एवढाच?

रानवारा

आपल्याकडे जैनांचा अनेकांतवाद, म्हणजे सत्याला अनेक बाजू असतात हा विचार, असताना व्हिएन्नापर्यंत कशाला जायचे? आंधळे आणि हत्ती सर्वांना ठाऊक आहेत.

मुचकुंद

ठाऊक आहेत, पण त्या गोष्टीत हत्ती आहे, हे विसरू नये. जैन तर्क प्रत्येक विधानाला दृष्टिकोनाची मर्यादा घालतो. सत्यच नाही, असे तो म्हणत नाही.

शततारका

जुना अशील यांचा प्रश्न टाळण्याजोगा नाही. तरीही तळ्याचे शुद्धीकरण कोणी केले, ते पाहा. ‘तुमचे तुम्हाला खरे, आमचे आम्हाला’ असे म्हणणारे ते लोक नव्हते. त्यांच्याकडे शास्त्र होते, म्हणजे ज्यावर मतदान होऊ शकत नाही असे सत्य होते. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये महाडलाच मनुस्मृती जाळली गेली, ती शास्त्रप्रामाण्य मोडण्यासाठी. निरपेक्ष सत्याचा बोजा या देशात कोणाच्या पाठीवर पडला, हे सांगायला केल्सन लागत नाहीत.

मुचकुंद

इथे माझा अर्धा मुद्दा मी सोडतो: प्रश्न विचारायला मनाई करणारे प्रामाण्य आणि लोकशाही एकत्र नांदत नाहीत. पण उरलेला अर्धा त्याच डिसेंबरमधल्या भाषणात आहे. आंबेडकरांनी त्या परिषदेची तुलना १७८९ च्या फ्रेंच राष्ट्रीय सभेशी केली आणि जन्मतः सर्व माणसे समान आहेत, अशी घोषणा परिषदेने केली. शास्त्राला त्यांनी ‘हे तुमचे मत, हे आमचे मत’ असे उत्तर दिले नाही. शास्त्र खोटे आहे असे सांगितले. तत्त्वज्ञ कार्ल पॉपर यांनी पुढे जो भेद केला, तो मला इथे उपयोगी वाटतो: आपण चुकू शकतो असे मानणे वेगळे आणि चूक-बरोबर असे काही नसतेच असे मानणे वेगळे. उलट, चुकण्यासाठी आधी बरोबर असे काही असावे लागते. विरोधी पक्ष, पुढची निवडणूक, अपील ही सारी व्यवस्था पहिल्या समजुतीवर उभी राहते. दुसरीवर उभी राहू शकत नाही.

जुना अशील

चवदार तळ्याच्या खटल्याचा शेवटही सांगून टाकतो. अस्पृश्यांना तळ्यापासून रोखण्यासाठी सवर्णांनी १९२७ च्या डिसेंबरात आंबेडकरांविरुद्ध दाखल केलेल्या दाव्याचा मुंबई उच्च न्यायालयात निकाल लागायला १९३७ साल उजाडले. निकाल आंबेडकरांच्या बाजूने लागला, पण समतेच्या आधारावर नव्हे. अस्पृश्यांना वगळण्याची रूढी अनादिकालापासूनची असल्याचे वादींना सिद्ध करता आले नाही, म्हणून. ती सिद्ध झाली असती, तर? या प्रश्नाचे उत्तर पुढे घटनेच्या १५ (२) या कलमाने दिले, आणि त्यात विहिरी, तलाव आणि स्नानघाट नावानिशी लिहिले आहेत. ते कलम घटनासभेच्या मतदानाने आले, हे शततारका सांगतीलच. मात्र ते मतदानाने काढता येईल का? घटनेची मूळ चौकट घटनादुरुस्तीनेही मोडता येत नाही, असे सांगणाऱ्या सर्वोच्च न्यायालयाच्या १९७३ च्या केशवानंद भारती निकालानंतर, समतेसारखे मूळ तत्त्वच त्यामुळे मोडत असेल, तर येणार नाही.

शततारका

आणि तो निकाल सात विरुद्ध सहा असा लागला! ज्याला हात लावता येत नाही ते कोणते, हेसुद्धा अखेर हात मोजूनच ठरले. केल्सन यांना याहून चांगला साक्षीदार मिळाला नसता.

मुचकुंद

हात मोजले, हे खरे. कुठेतरी थांबावे लागते म्हणून मोजले. पण तेरा न्यायमूर्तींनी मिळून अकरा निकालपत्रे लिहिली आणि अल्पमतातल्यांनीही सविस्तर कारणे दिली. बहुमताने ठरले तेच बरोबर असते, तर मते मोजून झाल्यावर त्या सहा जणांना लिहिण्यासारखे काहीच उरले नसते.